भटका कॅचर, मग कोच : हेन्री ब्लँको आणि त्याची जमात

मिटमास्तर

बेसबॉल बघणारे इथे बरेच आहेत, म्हणून हा धागा.

हेन्री ब्लँको, बेसबॉलमधला कॅचर (होम प्लेटच्या, म्हणजे फलंदाजाच्या, मागे बसून पिचरने टाकलेला चेंडू घेणारा, आपल्या यष्टिरक्षकासारखा). जन्म कराकसचा, १९७१. डॉजर्सनी १९८९ मध्ये करारबद्ध केला तो तिसऱ्या बेसचा खेळाडू म्हणून. फलंदाजी चालेना, पण हात जबरदस्त, म्हणून मास्क चढवून प्लेटमागे बसवला. मेजर लीगमध्ये (अमेरिकेतल्या अव्वल लीगमध्ये) पाऊल पडलं १९९७ मध्ये, तेही जेमतेम. मग रॉकीज, ब्रूअर्स, ब्रेव्ह्ज, ट्विन्स, कब्ज, पाद्रेस, मेट्स, डायमंडबॅक्स, ब्लू जेज आणि मरिनर्स. डॉजर्स धरून ११ संघ, १६ मोसम, ७२ होमरन, बॅटिंग सरासरी .२२३. एवढी सरासरी असलेला आउटफिल्डर दोन वर्षांत घरी बसतो. हा २०१३ पर्यंत, ४२ वर्षांचा होईस्तोवर खेळला. नंतर कब्जकडे क्वालिटी अॅश्युरन्स कोच (२०१५ ते १७), २०१८ पासून वॉशिंग्टन नॅशनल्सचा बुलपेन (राखीव पिचर जिथे गरम होतात ती जागा) कोच, पुढे २०२१ पासून कॅचिंग आणि स्ट्रॅटेजी. २०१६ आणि २०१९ अशा दोन विजेत्या संघांच्या कोचिंग स्टाफमध्ये तो होता.

आणि तो एकटा नाही. बोची, मॅथेनी, हिंच, कॅश, डेव्हिड रॉस, व्होग्ट. सगळे पुढे मॅनेजर (संघाचे मुख्य प्रशिक्षक) झालेले कॅचर, आणि बहुतेक दुय्यम कॅचर. प्रश्न असा, की ही जागाच माणसाला कोच बनवते, की आपण चार नावं निवडून गोष्ट रचतोय?

---

गुगलीप्रेमी

आपल्याकडे चंदू पंडित बघा की. किरण मोरेच्या सावलीत कसोट्या मिळाल्या ५, आणि कोच म्हणून रणजी करंडक ६: मुंबईला तीन, विदर्भाला दोन, मध्य प्रदेशाला एक. यष्टीमागे बसणाऱ्याला सगळं मैदान समोर दिसतं, बाकीच्यांना फक्त चेंडू.

---

आकडेमोड

@गुगलीप्रेमी, साम्य आहे, पण कीपर गोलंदाजाला चेंडू कुठला टाक ते सांगत नाही. कॅचर सांगतो. एका सामन्यात एक संघ साधारण १४०-१५० पिच (चेंडू) टाकतो आणि प्रत्येकीआधी कुठली, कुठे, हा निर्णय कॅचरकडून निघतो. पिचरला मान हलवून नकार देता येतो, पण प्रस्ताव कॅचरचा.

---

शंकेखोर

चार नावांवरून सिद्धांत नको. बाकीचे मॅनेजर बघा: टेरी फ्रँकोना पहिल्या बेसचा, बॉबी कॉक्स तिसऱ्या बेसचा, डेव्ह रॉबर्ट्स आउटफिल्डर, क्रेग काउन्सेल आणि अॅलेक्स कोरा इनफिल्डर. यांच्याकडे कोणी कॅचरचा मेंदू शोधला नाही. सुमार फलंदाजी करूनही बरीच वर्षं टिकलेले खेळाडू कोच होतात, जागा कुठलीही असो. स्टार खेळाडूला एवढ्या पैशांनंतर आठ महिने बस-विमानात बसायची गरजच उरत नाही.

---

बुलपेनवाला

शंकेखोरांचा मुद्दा अर्धा बरोबर. उरलेला अर्धा मांडतो, कारण त्यात हिशेब आहे.

संघात २६ खेळाडू, त्यात जास्तीत जास्त १३ पिचर. कॅचर दोनच (कधी तीन). मुख्य कॅचर १६२ पैकी ११०-१२० सामने करतो, उरलेले दुय्यम कॅचरकडे. रात्रीच्या सामन्यानंतर दुसऱ्या दिवशी दुपारी सामना असेल, तर तो बहुधा त्याचाच. म्हणजे आठवड्यात एक किंवा दोन. बाकीच्या दिवशी तो काय करतो? सगळ्यांना वाटतं बाकावर बसून सूर्यफुलाच्या बिया चघळतो.

प्रत्यक्षात: प्रत्येक स्टार्टर (सामना सुरू करणारा पिचर) दोन सामन्यांच्या मधे एकदा बुलपेनमध्ये २५ ते ४० पिच टाकतो. त्या घ्यायच्या आणि स्लायडरचा (वळणाऱ्या पिचचा) मोड आज उशिरा पडतोय की लवकर, हात खाली येतोय का, हे सांगायचं. सामन्याआधी समोरच्या फलंदाजांची बैठक, त्यात मुख्य कॅचरबरोबर बसायचं. सामन्यात मुख्य कॅचर शेवटचा बाद झाला आणि पॅड चढवतोय, तेवढ्यात पिचरला गरम करायला प्लेटमागे उभं राहायचं. सातव्या डावात ज्या डावखुऱ्या फलंदाजासाठी डावखुरा पिचर आणायचाय, त्याच्या कमजोर कोपऱ्याची आठवण करून द्यायची. यातली जवळजवळ सगळी कामं कोचचीच आहेत. फरक इतकाच, की करार खेळाडूचा असतो.

---

तिसरा_बेस

बुलपेनवाला, प्रतिसाद आवडला. त्यात एक व्यावहारिक कारण जोडतो: कॅचरची कायम टंचाई असते. फेब्रुवारीत स्प्रिंग ट्रेनिंगला पिचर आणि कॅचर बाकीच्यांच्या आधी का येतात? कारण ३० हून जास्त पिचर एकाच वेळी हात मोकळे करतात आणि त्यांच्या समोर कोणीतरी बसावं लागतं. मायनर लीगच्या (मेजरखालच्या लीगच्या) प्रत्येक पायरीवर दोन-तीन कॅचर लागतातच. म्हणून .२२० वाला कॅचर २७ व्या वर्षीही करारावर असतो आणि .२२० वाला पहिल्या बेसचा खेळाडू विमा विकत असतो. जितके संघ, तितक्या ओळखी. ब्लँकोला नॅशनल्सकडे नेणारा डेव्ह मार्टिनेझ कब्जमध्ये बेंच कोच होता, तिथलीच ओळख.

---

अनुजा_प

भटकेपणाचा तांत्रिक भाग कोणीच सांगितला नाही, म्हणून थोडक्यात. चाळीस जणांच्या यादीत घेतलेल्या खेळाडूला संघ तीन मोसम 'ऑप्शन'वर खाली-वर पाठवू शकतो. (२०२२ च्या करारानंतर एका मोसमात पाच वेळाच.) ऑप्शन संपले की त्याला नुसतं खाली पाठवता येत नाही. यादीतून काढावं लागतं, ज्याला डीएफए म्हणतात. मग सात दिवसांच्या आत सौदा, वेव्हर्स (इतर संघांना त्याला उचलायची संधी) किंवा सुटका. दुय्यम कॅचर या चरकात सगळ्यात जास्त सापडतो, कारण मुख्य कॅचरला दुखापत झाली की त्याला तातडीने उचलतात आणि तो बरा झाला की हा डीएफए.

पैसा: मेजर लीगचं किमान वेतन २०२५ ला ७ लाख ६० हजार डॉलर. ट्रिपल ए चं (मेजरच्या लगेच खालच्या पायरीचं) मायनर करारात किमान ३५,८०० डॉलर वर्षाला, तेही २०२३ मध्ये मायनर लीगवाल्यांच्या युनियनचा पहिला करार झाला तेव्हा. पेन्शन लागायला मेजर लीगचे ४३ दिवस पुरतात, पूर्ण पेन्शनला १० वर्षं. या दोन टोकांमध्ये दुय्यम कॅचर लोंबकळतो.

---

वरणफळं

म्हणजे कंत्राटी प्राध्यापक. समजलं.

---

मिटमास्तर

@वरणफळं 😀

@अनुजा_प, ब्रेव्ह्जकडे ब्लँको गेला तो सौदाही मजेशीर आहे. २००२ च्या मार्चमध्ये त्याच्या बदल्यात ब्रूअर्सना मिळालेल्यांत पॉल बाको होता. बाकोही भटका कॅचर, आणि आधी ब्रेव्ह्जचा पिचर ग्रेग मॅडक्सचा खास कॅचर. मग ती जागा ब्लँकोला. त्याही आधी एडी पेरेझ, जो पुढे ब्रेव्ह्जचा बुलपेन कोच झाला. मॅडक्स असताना मुख्य कॅचर हावी लोपेझ बाहेर बसायचा, जो या तिघांपेक्षा कितीतरी चांगला फलंदाज.

---

आकडेमोड

मॅडक्सचं कारण साधं आहे. तो रनरकडे (बेसवर पोचलेल्या फलंदाजाकडे) फारसं बघायचाच नाही, पिचवर लक्ष. मग चोरी (पिच पडत असताना रनरने पळून पुढचा बेस गाठणं) थांबवायची सगळी जबाबदारी कॅचरच्या हातावर. आणि ब्लँकोने कारकिर्दीत चोरीचा प्रयत्न करणाऱ्यांपैकी ४० टक्क्यांहून जास्त टिपले. त्या काळात ३० टक्के म्हणजे ठीकठाक समजायचे.

गणित मांडतो. पहिल्या बेसवरून लीड घेऊन दुसऱ्यावर पोचायला चांगल्या रनरला साधारण ३.३ ते ३.५ सेकंद. पिचरने हालचाल सुरू केल्यापासून चेंडू मिटमध्ये (कॅचरच्या जाड ग्लव्हमध्ये) येईपर्यंत १.३. कॅचरच्या मिटमध्ये चेंडू आल्यापासून दुसऱ्या बेसवरच्या ग्लव्हमध्ये पोचेपर्यंत (हा पॉप टाइम) सरासरी २.०, उत्तम कॅचरचा १.८५ ते १.९. होमपासून दुसरा बेस ३८.८ मीटर. १.३ आणि २.० मिळून ३.३, म्हणजे सामना बरोबरीचा. पिचरने १.५ लावले, की १.८५ वाला कॅचरच वाचवू शकतो. दशांश सेकंद म्हणजे रनरची सुमारे ८० सेंटिमीटर धाव. टॅग तेवढ्यातच होतो किंवा हुकतो.

---

नाशिककर_जर्सी

आणि पॉप टाइम खांद्याने कमी होत नाही, पायांनी आणि हस्तांतराने होतो. नवे कॅचर हात फेकून फेकून दुखावून घेतात. क्रम असा:

चेंडू घेतानाच उजवा पाय थोडा पुढे, डाव्या पायाच्या समोरून, बोटं पहिल्या बेसकडे वळलेली. मिट स्वतः उजव्या कानाकडे येतो, उजवा हात मिटकडे जात नाही. चेंडू मिटच्या खोल कप्प्यात अडकला तर काढायला वेळ जातो, म्हणून चोरीच्या वेळी तळव्याजवळ घेतात. बोटं शिवणीवर आडवी, चार शिवणींची पकड. ती चुकली की चेंडू पहिल्या बेसकडे वाकतो आणि शॉर्टस्टॉपला रनरच्या वाटेत यावं लागतं. उभं राहून फेकणं ही सगळ्यांत सामान्य चूक: डोकं वर गेलं की चेंडूही वर.

२०२३ नंतर हे जास्तच अवघड झालं. बेस १५ ऐवजी १८ इंचांचे, पहिल्या-दुसऱ्यातलं अंतर साडेचार इंचांनी कमी. पिचरला रनरकडे वळायच्या फक्त दोन संधी, तिसऱ्यांदा रनर बाद झाला नाही तर बेस फुकट. २०२२ मध्ये लीगभर २,४८६ चोऱ्या, २०२३ मध्ये ३,५०३.

---

शंकेखोर

हे सगळं खेळाडूचं कौशल्य झालं. मूळ मुद्दा कोचिंगचा होता ना?

---

नाशिककर_जर्सी

थांबा, तिथेच येतोय. फेक जन्मजात असू शकते. ब्लॉकिंग नसते, ते शिकवावं लागतं, आणि शिकवणारा बहुतेक वेळा ज्याला स्वतःला ते घाम गाळून मिळवावं लागलं तोच असतो.

जमिनीवर आपटणाऱ्या चेंडूला पकडायचं नसतं, मारून टाकायचं असतं. मिट सगळ्यांत आधी खाली, दोन पायांच्या मधल्या फटीत. मग दोन्ही गुडघे एकदम, पाठोपाठ नाही. उघडा हात मिटच्या मागे, नाहीतर अंगठा मोडतो. हनुवटी छातीवर, खांदे पुढे गोल, श्वास सोडलेला. छाती कडक असेल तर चेंडू पाच-सहा मीटर उडतो आणि रनर पुढच्या बेसवर. बाजूच्या चेंडूला खांदे प्लेटकडे वळवून जायचं, म्हणजे उसळी आतच पडते. मान वळवली की मास्कखालचा गळा उघडा, आणि ही चूक घाबरलेला प्रत्येक नवा कॅचर करतो. त्यासाठी आधी मऊ चेंडूने, हात पाठीमागे बांधून सराव देतात.

---

बुलपेनवाला

आणि नकलबॉल? त्यात वरचे सगळे नियम मोडतात.

---

आकडेमोड

नकलबॉल हा विषय भटक्या कॅचरांचा रोजगार हमी आहे. फिरकी जवळपास नसल्याने चेंडू शेवटच्या काही मीटरमध्ये कुठेही झुकतो. नेहमीचा कॅचर मिट पुढे नेऊन घेतो, इथे तसं केलं की हुकतोच. कोपर सैल, मिट शरीराजवळ, शेवटच्या क्षणी घ्यायचा. नेहमीची मिट साधारण ३३-३४ इंचांची, त्याऐवजी बरेच जण सॉफ्टबॉलची मोठी कॅचर मिट घालतात. नियमात घेर ३८ इंचांपर्यंत चालतो.

२०१३ मध्ये टोरांटोने (ब्लू जेजने) नकलबॉल टाकणारा आर. ए. डिकी आणला. पहिल्याच दिवशी जे. पी. अॅरेन्सिबियाकडून तीन पास्ड बॉल (कॅचरच्या चुकीने हुकलेले चेंडू). मग ब्लँको डिकीचा कॅचर झाला, कारण २०१० ला मेट्समध्ये त्याने डिकीला घेतलं होतं. जूनमध्ये त्याला सोडलं, जॉश थोलला वर आणलं, तोही डिकीचा जुना मेट्सचा कॅचर. ब्लँको सिएटलला गेला आणि मरिनर्सच्या पहिल्याच सामन्यात ग्रँड स्लॅम (तिन्ही बेस भरलेले असताना होमरन). वय ४१.

---

तिसरा_बेस

याच जातीची बॉस्टनची गोष्ट. टिम वेकफिल्डचा नकलबॉल डग मिराबेली घ्यायचा, २००५ नंतर त्याला सौद्यात सॅन दिएगोला दिला आणि जॉश बार्डला बसवलं. २००६ च्या एप्रिलमध्ये बार्डकडून १० पास्ड बॉल. १ मे ला मिराबेलीला परत आणलं, विमानतळावरून पोलिसांच्या बंदोबस्तात, गाडीतच युनिफॉर्म बदलत, सामन्याच्या तोंडावर. बदल्यात बार्ड गेला.

आता गंमत: हाच बार्ड पुढे डॉजर्सचा बुलपेन कोच झाला, मग यांकीजचा बेंच कोच, मग परत डॉजर्स. आणि २००७-०८ ला वेकफिल्डला घेणारा केव्हिन कॅश हा रेजचा मॅनेजर, २०२० आणि २०२१ चा अमेरिकन लीग मॅनेजर ऑफ द इयर.

---

शंकेखोर

म्हणजे नकलबॉल घेता आला तरी कोच, नाही आला तरी कोच. माझं म्हणणं सिद्ध झालं, धन्यवाद.

---

वरणफळं

बॉब युकर म्हणायचा, नकलबॉल पकडायचा सोपा उपाय म्हणजे तो लोळायचा थांबला की उचलायचा. १९६७ मध्ये फिल नीक्रोला घेताना २७ पास्ड बॉल, लीगमध्ये अव्वल! तो कोच नाही झाला, १९७१ पासून ब्रूअर्सचा समालोचक झाला आणि बहुतेक कोचांपेक्षा जास्त लाडका.

---

अनुजा_प

फ्रेमिंगवर कोणी बोललंच नाही. मला वाटतं धाग्याचा खरा गाभा तिथे आहे, कारण तिथेच जुना कॅचर-कोच आणि नवा कोच वेगळे होतात.

कोपऱ्यावरच्या पिचला अंपायरकडून स्ट्राइक (फलंदाजाविरुद्धचा निकाल, उलट असेल तर 'बॉल') मिळवून देणं म्हणजे फ्रेमिंग. एका अधिकच्या स्ट्राइकची किंमत सुमारे ०.१२५ रन धरतात. आठ स्ट्राइक म्हणजे एक रन, ढोबळमानाने दहा रन म्हणजे एक विजय. म्हणजे मोसमात ८० स्ट्राइक जास्त मिळवून देणारा कॅचर एक विजय आणतो. होजे मोलिना बॅटने काहीच करत नव्हता, पण रेजने त्याला २०१२ मध्ये नेमका याचसाठी घेतला. पिचच्या वाटेची मोजमापं २००७ च्या सुमारास सगळ्या मैदानांवर आली, त्यामुळे ब्लँकोच्या उमेदीच्या वर्षांचं हे मोजलंच गेलं नाही.

मोजमाप आल्यावर शिकवणारेही बदलले. टॅनर स्वॉन्सन मेजर लीग खेळलेला नाही, कॉलेजमधून आला. ट्विन्समध्ये मिच गार्व्हरला एक गुडघा टेकवून बसवलं आणि त्याचं फ्रेमिंग सुधारलं. मग यांकीजनी त्याला नेलं. आज जवळपास सगळे एक गुडघा टेकूनच बसतात. खालची पिच खालून वर आणता येते, दोन पायांवर उकिडवं बसून मिट वरून खाली जाते आणि अंपायर बॉल देतो. जुने कॅचर बरीच वर्षं ओरडत होते, की गुडघा टेकला की ब्लॉकिंग जातं. आकड्यांत तसं फारसं दिसलं नाही.

---

बुलपेनवाला

@अनुजा_प, मान्य, पण कब्जमध्येही कॅचिंगची मुख्य जबाबदारी माइक बोर्झेलोकडे होती, ब्लँकोकडे नाही. ब्लँकोचं काम सामन्याची तयारी आणि माणसं. विल्सन कॉन्ट्रेरास आठवा: व्हेनेझुएलाचा, तिसऱ्या बेसवरून कॅचर केलेला, अगदी ब्लँकोसारखा. २०१६ ला तो वर आला तेव्हा त्याच्याच भाषेत, त्याच वाटेने आलेला माणूस डगआऊटमध्ये होता. संघांनी स्पॅनिश दुभाषे ठेवलेच पाहिजेत हा नियमही २०१६ चाच. त्याआधी ते काम ब्लँकोसारखे दुय्यम कॅचर बिनपगारी करायचे. पिचरला माउंडवर जाऊन ३० सेकंदांत सांगायचं असतं, तिथे दुभाष्या उपयोगी नाही.

---

गुगलीप्रेमी

मग २०१९ चं काय? नॅशनल्सच्या बुलपेनची ईआरए (पिचरने नऊ डावांमागे दिलेल्या सरासरी धावा) ५.६६, विजेत्या संघाची सगळ्यांत वाईट. आणि बुलपेन कोच आपला नायक! 😛

---

बुलपेनवाला

बुलपेन कोच फोन उचलतो आणि कोण किती गरम झालाय ते सांगतो. करारबद्ध कोणाला करायचं हे तो ठरवत नाही. आणि प्लेऑफमध्ये मार्टिनेझने स्टार्टरांनाच रिलीफला (मधेच बदली पिचर म्हणून) आणून काम भागवलं, कॉर्बिन सातव्या सामन्यात तीन डाव करून गेला. मात्र एक खरं: रिलीव्हरला कितीदा गरम करायचं हा निर्णय आकड्यांत दिसत नाही. २० पिच टाकून बसवलं, परत उठवलं, परत बसवलं, तर तो न खेळताच थकतो. चांगला बुलपेन कोच मॅनेजरला फोनवर 'हा आज नको' म्हणतो. ते म्हणायला अधिकार लागतो, आणि हजाराला थोडे कमी सामने खेळलेल्या माणसाला तो असतो.

---

आकडेमोड

कॅचर थेट पिचिंग कोच झाल्याचं उदाहरण हवं असेल तर डेव्ह डंकन. अॅथलेटिक्सचा कॅचर, नंतर व्हाइट सॉक्स, अॅथलेटिक्स, कार्डिनल्सचा पिचिंग कोच. हॉइट (१९८३), वेल्च (१९९०), एकर्स्ली (१९९२), कार्पेंटर (२००५) या चौघांना साय यंग (सर्वोत्तम पिचरचं पारितोषिक) मिळालं ते त्याच्या हाताखाली. शिकवण एकच: खाली टाक, सिंकर टाक, जमिनीवर मारायला लाव. स्वतः कधी पिच टाकली नाही, पण समोर बसून हजारो घेतल्या.

---

शंकेखोर

डंकन मान्य. बाकी एक चिमटा: ज्या अॅस्ट्रोसनी २०१७ मध्ये कॅमेऱ्यातून कॅचरच्या खुणा चोरून फलंदाजाला कळवायला कचऱ्याचा डबा बडवला, त्यांचा मॅनेजर हिंच हा स्वतः कॅचर. २०२० चा पूर्ण मोसम निलंबित.

---

तिसरा_बेस

आणि त्याच प्रकरणामुळे खुणा गेल्या. पूर्वी रनर दुसऱ्या बेसवर आला, की कॅचर चार-पाच खुणा करायचा आणि खरी कुठली हे ठरलेलं असायचं: बाद झालेल्यांची संख्या अधिक एक, किंवा 'दोन' नंतरची. पिचर विसरला की फास्टबॉलची वाट बघणाऱ्या कॅचरच्या अंगावर स्लायडर. २०२२ पासून पिचकॉम: कॅचरच्या मनगटावर किंवा गुडघ्याच्या पॅडवर बटणं, पिचरच्या टोपीत आवाज. त्यात २०२३ पासून पिच टाकायला घड्याळ, बेस रिकामे असताना १५ सेकंद. विचार करायची मुभाच कमी.

मायामीने २०२५ च्या शेवटी पिच डगआऊटमधूनच ठरवायला सुरुवात केली. हे पसरलं तर मूळ प्रश्नाचं उत्तर वीस वर्षांनी बदलेल, कारण निर्णय घ्यायची सवयच कॅचरला लागणार नाही.

---

अनुजा_प

उलट बाजूही आहे. २०२६ पासून बॉल-स्ट्राइकला आव्हान देता येतं. संघाला दोन, बरोबर ठरलं तर टिकतं. टोपी किंवा हेल्मेटवर थाप मारायची, डगआऊटमधून मदत चालत नाही. फक्त फलंदाज, पिचर आणि कॅचर. स्ट्राइक झोनचा वरचा काठ फलंदाजाच्या उंचीच्या ५३.५ टक्क्यांवर, खालचा २७ वर. २०२५ च्या स्प्रिंग ट्रेनिंगमध्ये बरोबर ठरलेली आव्हानं: कॅचर ५६ टक्के, फलंदाज ५०, पिचर ४१. पिचरला आपली प्रत्येक पिच स्ट्राइक वाटते! म्हणून पिचरने आव्हान देऊच नये असं बरेच संघ सांगतील. म्हणजे फ्रेमिंगची किंमत थोडी घटली, पण झोन ओळखण्याची वाढली. मूळ प्रश्नाबद्दल माझं मत: जागा शिकवते, पण मुख्य कॅचरपेक्षा दुय्यम कॅचरला. मुख्य कॅचर दमलेला असतो. दुय्यम कॅचर आठवड्यात पाच दिवस बघत असतो आणि त्याला बघितलेलं दुसऱ्याला सांगावं लागतं.

---

शंकेखोर

'बघितलेलं सांगावं लागतं' हे पटलं. तरी वेतन, ओळखी आणि टंचाई यांचा वाटा निम्म्याहून जास्त, यावर मी ठाम.

---

वरणफळं

ते सगळं ठीक. या कोच मंडळींत बॅटिंग सगळ्यांत भिकार कोणाची?

---

आकडेमोड

केव्हिन कॅश .१८३. हिंच .२१९. बोची .२३९. व्होग्ट बरा, पण मेजर लीगची सुरुवात ३२ संधींत शून्य हिट अशी. तो २०२४ आणि २०२५ दोन्ही वर्षी मॅनेजर ऑफ द इयर. युकर कोच नाही, पण नोंदीसाठी: बरोबर .२००.

---

मिटमास्तर

म्हणजे .२२३ वाला ब्लँको या टोळीत वरच्या फळीत. धाग्याचं शीर्षक बदलू का?

---

वरणफळं

बदला. 'हेन्री ब्लँको : फलंदाज'.